बावीस गुंठे तळं

कॉटनपेट, बेंगळुरू
१२ जून १९९४

चि. शाम,

आशीर्वाद. एकोणीस वर्षांनी माझं अक्षर पाहून तू आधी शेवटची ओळ वाचली असशील, कोण गेलं ते बघायला. कोणी गेलेलं नाही. काम आहे म्हणून लिहिते आहे. पत्ता तुझ्या जुन्या कचेरीतल्या उमाकांतने दिला. तू पेन्शनीत निघून बेळगावात एका खोलीत राहतोस आणि स्वतःच्या हाताने भात शिजवतोस, हेही त्याने न विचारता सांगितलं. भात तुला कधीच जमला नाही.

मी राहते ते घर मालक पाडणार आहे. खाली दुकानं, वर ऑफिसं असं काहीतरी काचेचं त्याला उभारायचंय. पुढच्या एप्रिलअखेर घर रिकामं करा, अशी नोटीस आली. चाळीस वर्षं मी या घराच्या पुढच्या खोलीत लोकांच्या चोळ्या शिवल्या. वाणीचे वडील इथेच गेले. आता मी आणि वाणी, दोघीच. वाणी छत्तीस वर्षांची झाली, इंदिरानगरात एका कंपनीत टायपिंग करते, लग्न केलेलं नाही, आणि का केलं नाही हे तिला विचारायची माझीसुद्धा हिंमत नाही. भाड्याच्या घरातून मला स्मशानात जायचं नाही. बाबांनी मला चोळीबांगडीसाठी दिलेली हुणसेकट्ट्याची बावीस गुंठे जमीन, के. आर. पुरमच्या पलीकडची, तिच्यावर दोन खोल्या बांधाव्यात आणि मागे वाणीला हक्काचं छप्पर राहावं, एवढंच माझं म्हणणं आहे.

बांधायला परवानगी लागते. प्लॅन काढून घेतला, नकला जोडल्या, अर्ज दिला. सरकारी काम आणि सहा महिने थांब म्हणतात. मी चारच महिने थांबले आणि उत्तर आलं की परवानगी मिळणार नाही. का, तर जमिनीच्या सरकारी उताऱ्यात ती 'ब खराब' लिहिली आहे. खराब म्हणजे काय हे आपल्या कानडी शाळेत शिकवलं नव्हतं, ते मी कचेरीच्या बाकावर शिकले. 'अ खराब' म्हणजे पिकत नाही, पण तुमची. 'ब खराब' म्हणजे पिकत नाही आणि तुमचीही नाही: तळं, वाट, स्मशान, सगळ्या गावाच्या कामाची. माझी बावीस गुंठे तळं आहे.

तिथे रविकुमार म्हणून केस वर्कर आहे, म्हणजे तू होतास तोच हुद्दा, तेच टेबल, आणि मला वाटतं धूळही तीच. तो मला म्हणाला, "अम्मा, तुम्ही तळ्यावर घर कसं बांधणार? बुडाल ना." आणि स्वतःच्याच विनोदावर हसला. हल्ली कचेरीत असली पोरं घेतात.

तळ्याची ही नोंद चौऱ्याहत्तर सालची आहे आणि अक्षर तुझं आहे. तुझ्याकडून नजरचूक झाली असणार. माणसाच्या होतात. तू एक दिवस ये आणि 'नजरचुकीने लिहिले' असं लिहून सही कर. रात्रीच्या गाडीने निघालास तर दुसऱ्या रात्री परत. आमच्याकडे उतरलास तरी चालेल, वाणीची हरकत नाही.

हे पत्र दुसऱ्या कोणाच्या हाती पडलं तरी चालेल अशा बेताने लिहिलं आहे. तूही तसंच लिही.

तुझी
अक्का


२१ ऑगस्ट १९९४

शाम,

दोन महिने झाले. पोस्टावर ढकलू नकोस, बेंगळुरूचं पत्र बेळगावला चार दिवसांत पोचतं. तू वाचलंस, पुन्हा वाचलंस, घडी घातलीस आणि उशीखाली ठेवलंस. लहानपणी मार बसेल असा शाळेचा कागद तू तिथेच ठेवायचास.

मंगळवारी मोजणीदार जागा बघून गेला. त्याला आणायला टॅक्सी मी केली, वाटेत इडली-कॉफी मी दिली, आणि माझ्याच जमिनीत उभा राहून तो मला म्हणतो, "अम्मा, स्वल्प बाजूला व्हा, नकाशात तुम्ही मध्ये येताय." मग नकाशा आडवा धरला, उभा धरला, शेवटी मलाच विचारलं, "केरे एल्लि?" तळं कुठे आहे.

"तेच शोधायला तुम्हाला आणलंय," मी म्हटलं.

त्याच्या नकाशात माझ्या बावीस गुंठ्यांना निळा रंग आहे. समोर कमरेइतकं काँग्रेस गवत आणि एक मोडका बांध. खरं तळं रस्त्याच्या पलीकडे होतं, जिथे आई गौर बोळवायची. आठवतं का? ते बुजवून तिथे लेआउट झालाय. तीन-तीन मजल्यांची घरं, गच्चीवर टीव्हीच्या छत्र्या, फाटकावर कुत्र्याची पाटी. सगळी परवानगी घेऊन बांधलेली. एकाच्या दारावर संगमरवरात 'लेक व्ह्यू' कोरलंय. त्याच्या खिडकीतून माझी जमीन दिसते, म्हणजे सरकारी कागदानुसार त्या माणसाचं खरंच आहे. जिथे तळं होतं तिथे घरं, आणि जिथे घर हवं तिथे तळं. असं राज्य चालवायला अक्कल लागत नाही, फक्त निळी पेन्सिल लागते.

आणखी एक. जमिनीच्या उगवतीच्या कडेला कोणीतरी उपटसुंभ दरवर्षी चार ओळी उकरून रागी पेरतो. गेल्या वर्षीही पाहिल्या होत्या. चार ओळी, जास्त नाहीत, वावभर लांब. एवढ्या रागीचा एक गोळाही होणार नाही. मी उपटायला वाकले, पण कंबर धरली. मोजणीदाराने मात्र ते बघितलं आणि लिहिलं: 'जागेवर पाणी नाही. किरकोळ लागवड दिसते. मूळ नोंद तपासावी.' म्हणजे आता सगळं तुझ्या नोंदीवर येऊन थांबलं.

नोटिशीचे आठ महिने उरले. तू येतोस की मी तिकडे येऊन तुला मानगुटीला धरून आणू? वय बासष्ट असलं तरी मला ते जमेल.

अक्का


६ नोव्हेंबर १९९४

शाम,

तुझं कार्ड मिळालं. "अक्काला सा. नमस्कार. नोंद नजरचुकीने झाली असे लिहून देण्यास तयार आहे. परंतु ती कोणाच्या सांगण्यावरून झाली असे विचारल्यास काय लिहू? शाम."

एकोणीस वर्षांत तुला दोन वाक्यं सुचली, आणि तीही उघड्या कार्डावर. आधी पोस्टमनने वाचली, मग वाणीने. वाणीने विचारलं, "कोणाच्या सांगण्यावरून, आई?" मी म्हटलं, तुझ्या मामाला कोड्यात बोलायची खोड आहे. मग उठून तिने भांडी घासली, जी मी आधीच घासली होती.

ठीक आहे. तू कुठे लिहू नयेस म्हणून मीच एकदा लिहिते, आणि वाचून झाल्यावर हे चुलीत घाल.

कसेल त्याची जमीन, असा कायदा त्या वर्षी आला. परसू आपल्या जमिनीत बारा वर्षं रागी काढत होता आणि अर्धी आपल्याकडे आणून टाकत होता. गरीब, वाकलेला, चांगला माणूस. तोवर मी त्याला चांगलाच म्हणत होते. त्याने सात नंबरचा फॉर्म भरला आणि जमीन माझ्या नावे करा म्हणाला. माझी चोळीबांगडी! मी त्याच दिवशी तुझ्याकडे आले. तू जेवत होतास, सुनंदा वाढत होती. मी बसलेसुद्धा नाही. म्हटलं, तळं म्हणून लिही. तळ्यात कोणी नांगर धरत नाही, मग कूळ कुठून लागेल? तू म्हणालास, "अक्का, तळं पलीकडे आहे." मी म्हटलं, कागदावर अलीकडे आण. दोन वर्षांनी कायदा थंड झाला की परत फिरव. तुझा घास हातात राहिला. सुनंदा म्हणाली, "वन्सं, यांची नोकरी जाईल." मी तिला म्हटलं, तू ताक वाढ.

तू लिहिलंस. परसूचा फॉर्म फेटाळला गेला. त्याने आरडाओरडा केला, तुझी चौकशी लागली, तुला रायचूरला टाकलं. पुढचं तुला ठाऊक आहे, ते मी लिहीत नाही. नोंद परत का फिरवली नाही म्हणशील, तर फिरवायला अर्ज करावा लागला असता आणि अर्ज केला असता तर परसूचा फॉर्म पुन्हा वर आला असता. मी झोपलेल्या कुत्र्याला काठी मारली नाही, एवढंच.

तेव्हा तुझ्या प्रश्नाचं उत्तर असं: कोणाच्याही सांगण्यावरून नाही. नजरचूक. समजलं?

अक्का


१९ फेब्रुवारी १९९५

शाम,

नजरचूक चालणार नाही.

रविकुमारने चौऱ्याहत्तरचं रजिस्टर शोधून काढलं. बांधणी सुटलेली, अर्ध्या पानांच्या कडा उंदरांनी खाल्लेल्या, आणि नेमकं आपलं पान शाबूत. तुझं ते मोत्यासारखं अक्षर. 'ब खराब, तळे' याच्या पुढे शेरा मारलायस: 'स्थळ पाहिले. दोन फूट पाणी. लागवड नाही.' दोन फूट? शाम, 'पाणी' लिहून भागलं असतं. खोटं बोल म्हटलं तर तू त्याची खोलीही मोजलीस. बाबा म्हणायचे, या पोराला चोरी करायला पाठवलं तर पावती घेऊन येईल.

रविकुमार म्हणाला, "अम्मा, नजरचुकीने दोन फूट पाणी दिसत नाही." यावेळी हसला नाही. मुलगा वाईट नाही, हीच अडचण आहे. वाईट असता तर त्याच्यावर धड रागावता आलं असतं. त्याने मला दोन वाटा सांगितल्या. एक, ज्याने नोंद केली त्याने 'ही नोंद मी जाणूनबुजून खोटी केली' असं लिहून द्यायचं. मग नोंद लगेच दुरुस्त होईल, दोन महिन्यांत परवानगी हातात येईल. त्या माणसाचं काय होईल असं मी विचारलं. तो म्हणाला, पेन्शन थांबेल, जास्त झालं तर खटला. दुसरी वाट, त्या काळी तिथे पीक होतं असं सांगणारा माणूस आणायचा, ज्याने स्वतः पाहिलंय असा.

मी परसूकडे गेले.

हो, मी. पुढचं वाचताना हसू नकोस. परसू कुठे असेल म्हणतोस? 'लेक व्ह्यू'च्या फाटकावर वॉचमन आहे. ज्या तळ्याच्या काठी त्याने आयुष्य काढलं त्याच्यावर बांधलेल्या घराची तो राखण करतो. सत्तरीचा झाला असेल. खाकी शर्ट त्याच्या अंगात दुसऱ्याचा वाटतो. मला बघून उठला, स्टूल पुसून दिलं आणि स्वतः पायरीवर बसला. मला वाटलं होतं तो शिव्या देईल. त्याची तयारी मी करून गेले होते, उत्तरं पाठ होती. एकही कामाला आलं नाही.

मी म्हटलं, "परसू, एक कागद हवा. तिथे त्या वर्षी रागी उभी होती, ती तू पाहिलीस, एवढं लिहून दे."

तो म्हणाला, "पाहिली नाही, अक्का. पिकवली."

"तेच ते."

"तेच कसं? पाहणारे पुष्कळ होते. बसमधून जाणाऱ्यांनी पण पाहिली."

मग आत गेला आणि एक पत्र्याची डबी घेऊन आला. त्यात सात नंबरच्या फॉर्मची पोच. एकवीस वर्षांची, घडीवर चिरलेली, मागून कॅलेंडरचा कागद चिकटवलेला. मी विचारलं, हे अजून कशाला ठेवलंस? म्हणाला, "माझं आहे म्हणून ठेवलं."

त्या चार ओळीही त्याच्याच. युगादीला शेतात पहिला नांगर घालायचा, होन्नारू, हे आपल्याकडच्या शेतकऱ्यांचं तुला माहीत आहे. बैल कधीच विकले, नांगर मोडला, तरी युगादीच्या सकाळी हा माणूस कुदळ घेऊन माझ्या जमिनीत जातो आणि वावभर माती उकरतो. पाऊस पडला की मूठभर रागी टाकतो. एकवीस वर्षं. मी म्हटलं, दुसऱ्याच्या जमिनीत? तो म्हणाला, "सरकार म्हणतं तळं आहे. मग ती तुमची पण नाही ना, अक्का."

मी कागदाचं पुन्हा विचारलं.

शेवटी तो म्हणाला, "सरी, बरं, मी येतो कचेरीत. मी पिकवली असं सांगतो. पण आधी तुम्ही सांगायचं. तुमच्या तोंडाने. परसू इथे राबत होता आणि आम्ही तळं म्हणून खोटं लिहून घेतलं. मी तेव्हा हेच सांगत होतो, कोणी ऐकलं नाही. चौकशीला मी बाहेर बाकावर होतो. खिडकी उघडी होती. साहेबांनी तुमच्या भावाला विचारलं, कोणी सांगितलं? त्याने मान वर करून तुमच्याकडे बघितलं. तुम्ही म्हणालात, तो कचेरीत काय करतो ते मला ठाऊक नाही. मला जमिनीचा राग आलाच, अक्का. पण त्या वेळी तुमच्या भावाचं तोंड बघून मला वाटलं, माझी नुसती जमीन गेली."

वॉचमन आहे तो! फाटक उघडायचं आणि बंद करायचं, एवढं त्याचं काम. मी उठून चालू लागले. बसस्टॉपपर्यंत सोडायला आला, तेही मी नको म्हटलं तरी.

रविकुमारला विचारलं, मी तसं सांगितलं तर काय होईल? तो म्हणाला, "तर परसूचा फॉर्म पुन्हा उघडेल, अम्मा. तळं आहे या एकाच कारणाने तो फेटाळला होता. मग जमीन बहुतेक त्याचीच." म्हणजे घर बांधायचं तर तिथे रागी होती हे मी सिद्ध करायचं, आणि रागी होती हे सिद्ध केलं की जमीन माझी नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

माझ्याकडून ते होणार नाही. तेव्हा पहिली वाट उरली. तू लिही. खोटी नोंद केली म्हणून लिही. एकट्या माणसाला भात शिजवायला असं कितीसं लागतं? पेन्शन थांबली तर इकडे ये. दोन खोल्यांत तिसरं माणूस मावतं. वाणीला मी सांगेन.

नोटिशीचे दोन महिने आणि अकरा दिवस उरले.

अक्का


२७ फेब्रुवारी १९९५

शाम,

मागचं पत्र रागात लिहिलं होतं. टाकल्यावर तासाभराने मी पेटीपाशी परत गेले होते, पण पोस्टमन घेऊन गेला होता. चाळीस वर्षांत तो पहिल्यांदाच वेळेवर आला.

काही लिहू नकोस. थांब.

अक्का


१६ एप्रिल १९९५

चि. शाम,

आशीर्वाद. तुझं रजिस्टर्ड पत्र ७ मार्चला आलं. मी 'थांब' म्हणून लिहिलेलं पत्र तुला त्याच्या आधी मिळालं असेल की नंतर, हे मी किती दिवस हिशेब करून पाहत होते. मग सोडून दिलं. आधी मिळालं असतं तरी तू पाठवलंच असतंस. मी दोन गोष्टी सांगितल्या तर त्यांतली वाईट ती ऐकायची, हे तुझं लहानपणापासूनचं.

स्टँप पेपरवर, नोटरीच्या सहीशिक्क्यानिशी: 'सदर नोंद मी कोणाच्याही सांगण्यावरून नव्हे, स्वतःच्या मनाने, जाणूनबुजून खोटी केली. माझी बहीण इंदिराबाई हिला मी कचेरीत काय करत होतो ते ठाऊक नव्हते.' माझंच वाक्य. वीस वर्षं जपून ठेवलंस आणि शिक्का मारून परत पाठवलंस. मला लागावं म्हणून लिहिलंस की मला वाचवावं म्हणून, ते मला अजून कळत नाही. बहुधा तुलाही नाही.

मी तो कागद पिशवीत घालून तीनदा कचेरीत गेले. तीनदा रविकुमारने विचारलं, "भावाचं पत्र आलं का, अम्मा?" तीनदा मी नाही म्हटलं. तिसऱ्यांदा त्याने पिशवीकडे बघितलं.

सुनंदा रायचूरला गेली तेव्हा मी नुसती तार केली होती. शिवणाचं काम फार आहे, असं तेव्हा मी सगळ्यांना सांगितलं. शाम, तेव्हा दिवाळीही नव्हती आणि लग्नसराईही नव्हती. मशीनवर धूळ होती. मी घाबरले होते. ती मेलेलीही माझ्याकडे बघेल असं मला वाटलं.

युगादी १ एप्रिलला होती. सकाळची पहिली बस घेऊन हुणसेकट्ट्याला गेले. परसू आधीच आला होता. धोतर, वर तोच खाकी शर्ट, शेजारी तांब्या. कुदळ मारायचा, थांबायचा, श्वास घ्यायचा, पुन्हा मारायचा. मी बांधावर उभी होते. त्याने मला पाहिलं आणि खणत राहिला. चार ओळींना त्याला पाऊण तास लागला. जमीन किती कठीण झाली होती म्हणून सांगू, कुदळ लागल्यावर दगडासारखा आवाज येत होता. मी चाळीस वर्षं तिला माझी म्हटलं आणि एकदाही तिच्यात वाकले नाही. वाकले ती गेल्या ऑगस्टात, त्याची रागी उपटायला.

५ तारखेला, बुधवारी, त्याला घेऊन कचेरीत गेले. बाहेरच्या बाकावर बसू लागला. मी म्हटलं, आत ये, खिडकीतून ऐकायचं वय राहिलं नाही तुझं. रविकुमारने कागद ओढला. मी सांगत गेले, तो कानडीत लिहीत गेला. बारा वर्षं परसू कसत होता. रागी होत होती, अर्धी आम्हाला मिळत होती. तळं रस्त्याच्या पलीकडे होतं. मग तो विचारतो, "नोंद कोणाच्या सांगण्यावरून झाली?"

"माझ्या," मी म्हटलं.

त्याने पेन उचललं. "अम्मा, हे लिहू का? भावाच्या माथी राहिलं तर तुम्हाला त्रास नाही."

"तुम्हाला कानडी येतं ना? मग लिहा. तो नाही म्हणत होता. मी त्याला जेवणावरून उठवलं आणि लिहायला लावलं. तो हुकमाचा ताबेदार होता, सरकारच्या आधी माझा." हेही लिहा म्हटलं. त्याने लिहिलं. परसू जमिनीकडे बघत होता. मी सही केली, त्याने अंगठा दिला. तो लिहायला शिकलाय, सही येते त्याला, पण पोचेवर अंगठा आहे म्हणून इथेही अंगठाच देतो म्हणाला.

तुझ्या पेन्शनीचं मी विचारलं. रविकुमार म्हणाला, नोटीस येईल, त्यांनी उत्तर द्यायचं, मोठ्या बहिणीच्या दबावाखाली केलं म्हणून. वीस वर्षांपूर्वीच्या बदलीची शिक्षा भोगून झालेली आहे, बहुतेक तेवढ्यावर मिटेल. बहुतेक म्हणाला, नक्की म्हणाला नाही. नोटीस आली की खरं तेच लिही. एकदा तरी लिही.

तर आता जमीन तळं नाही. तेवढं काम झालं. परवानगी मात्र नाही, कारण आता ती वादातली जमीन आहे, परसूचा फॉर्म वर आलाय, सुनावणी कधी ते देवाला ठाऊक. जिना उतरताना परसूने विचारलं, "घर कुठे बघितलंत, अक्का?" मी म्हटलं, येलहंक्याला, दोन खोल्या, भाड्याच्या. "लांब झालं की," तो म्हणाला. मी म्हटलं, हो, लांब झालं.

वाणी आठ दिवस माझ्याशी बोलली नाही. तिने दोन खोल्यांचा प्लॅन तिच्या ऑफिसात झेरॉक्स करून घेतला होता, स्वयंपाकघराची खिडकी कुठे हवी ते पेन्सिलने काढलं होतं. नवव्या दिवशी तिने माझ्या मशीनचं डोकं काढून चादरीत बांधलं आणि म्हणाली, "हे तू उचलायचं नाहीस." एवढंच. २८ तारखेला सामान हलवतो. नवा पत्ता पाकिटाच्या मागे लिहिला आहे. स्टेशनपासून चालत दहा मिनिटं, सकाळी विमानांचा आवाज येतो. पत्त्याचा उपयोग करायचा असेल तर भात मी करीन.

तुझा स्टँप पेपर यासोबत परत पाठवते आहे. मी तो कोणाला दाखवला नाही. 'स्वतःच्या मनाने केली' असं लिहिलंयस त्यात. शाम, स्वतःच्या मनाने तू आयुष्यात एकच गोष्ट केलीस, ती म्हणजे हा कागद, आणि तोही खोटा.

तुझी
अक्का